मदत हवी आहे: पाकीट मारलं, लायसन्स गेलं, साइट म्हणते रेकॉर्डच नाही

घाईतला
बसमध्ये पाकीट मारलं. एटीएम कार्डं ब्लॉक केली, आधार मोबाईलमध्ये आहे, पॅनचं नंतर बघेन. प्रश्न लायसन्सचा आहे. परिवहनच्या साइटवर डुप्लिकेटसाठी गेलो, नंबर आणि जन्मतारीख टाकली की रेकॉर्ड सापडत नाही म्हणते. कितीही वेळा टाका, तेच. पुढच्या शनिवारी गाडी घेऊन कोकणात जायचंय. काय करायचं ते पटकन सांगा. "एजंट गाठा" हे सोडून काहीही चालेल.

टू_स्ट्रोक
डिजिलॉकर उघडा, विषय संपला. केंद्रीय मोटार वाहन नियमांतल्या नियम १३९ मध्ये नोव्हेंबर २०१८ ला दुरुस्ती झाली, तेव्हापासून इलेक्ट्रॉनिक स्वरूपातलं लायसन्स दाखवलेलं चालतं. एमपरिवहन ॲपमधलंही चालतं. कार्ड हवंच कशाला?

नीरजा_प
@टू_स्ट्रोक, डिजिलॉकर माहिती ओढतं ती सारथीतूनच, म्हणजे परिवहनच्या लायसन्स-नोंदींच्या संगणकातूनच. आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार?

@घाईतला, लायसन्स कुठल्या आरटीओचं? कुठल्या सालचं? कार्ड होतं की पुस्तक? आणि नंबर कशावरून बघून टाकताय?

घाईतला
साताऱ्याचं, पुस्तक होतं. नंबर जुन्या झेरॉक्सवर आहे, तोच टाकतोय. आता पुण्यात राहतो. त्याने काय फरक पडतो?

मोरपीस
आरसीसुद्धा (गाडीचं नोंदणी प्रमाणपत्र) गेली असेल तर तिच्यासाठी फॉर्म २६ भरावा लागतो. गाडीवर कर्ज असेल तर त्या फॉर्मवर बँकेची किंवा फायनान्स कंपनीची सही-शिक्का लागतोच. तो नसला तर अर्ज खिडकीवरूनच परत येतो. कर्ज फिटलेलं असेल पण आरसीवरचा बोजा उतरवला नसेल, तर बँकेची एनओसी आणि फॉर्म ३५ घेऊन तेही याच फेरीत उरकून घ्या.

घाईतला
आरसी घरी आहे. प्रश्न लायसन्सचा आहे.

नीरजा_प
पुस्तक म्हटल्यावर उलगडा झाला. दोन शक्यता आहेत.

पहिली म्हणजे नंबर चुकीच्या साच्यात जातोय. सारथीला पंधरा खुणांचा नंबर लागतो: राज्याची दोन अक्षरं, आरटीओचा दोन आकडी कोड (सातारा ११), पहिल्यांदा लायसन्स मिळालं ते चार आकडी साल आणि शेवटी सात आकडे. जुन्या पुस्तकांवर नुसतं "४३२१/०३" असं हाताने लिहिलेलं असायचं. ते जसंच्या तसं टाकलं तर सापडणार नाही. एमएच११, मग २००३, मग ०००४३२१ असं आकड्याच्या आधी शून्यं भरून टाका. तिरक्या रेघा, टिंबं नकोत. साल दोन आकडी लिहिलेलं असेल तर चार आकडी करा.

जन्मतारीख रजिस्टरमध्ये जी चढली असेल तीच लागते. तेव्हा कारकुनाने १ चा ७ केला असेल तर तुमची खरी तारीख टाकून काही उपयोग नाही. झेरॉक्सवर कुठली तारीख आहे ती नीट बघा.

दुसरी शक्यता म्हणजे रेकॉर्ड संगणकात चढलेलंच नाही. मग त्याला एकच उपाय, बॅकलॉग एंट्री, म्हणजे जुन्या रजिस्टरमधली नोंद संगणकात चढवून घेणं. ती साताऱ्यालाच होणार, कारण मूळ रजिस्टर तिथे आहे. पुण्याच्या खिडकीवर उभं राहून काही होणार नाही.

सदाशिव_आण्णा
एवढी उस्तवार कशाला? साताऱ्यात स्टँडसमोर कुणालाही विचारा, एका दिवसात काम. आम्ही वर्षानुवर्षं असंच करत आलोय.

नीरजा_प
आण्णा, बॅकलॉग चढवायचा लॉगिन ऑफिसातल्या माणसाकडे असतो. एजंट तुमचा कागद तिथवर नेऊन ठेवतो, त्यापलीकडे काही नाही. आणि एकदा रेकॉर्ड चढलं की डुप्लिकेटचा अर्ज आधार ओटीपीवर घरबसल्या होतो. पैसे द्यायचे ते नेमके कुठल्या कामाचे?

सदाशिव_आण्णा
रांगेत उभं न राहण्याचे, ताई.

कागदवाला
पोलिसांचं कुणीच बोललं नाही, म्हणून सांगतो. पाकीट *हरवलं* आणि पाकीट *मारलं* ही दोन वेगळी कामं आहेत. हरवलं असेल तर पोलिसांच्या साइटवर हरवलेल्या वस्तूंची नोंद करता येते आणि सहीशिवायची पावती लगेच मिळते. तिच्यावर छापलेलंच असतं की ही फक्त नोंद आहे, तपास नव्हे. चोरी असेल तर भारतीय न्याय संहितेचं कलम ३०३ लागतं आणि एफआयआर होतो. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ प्रमाणे तक्रार ऑनलाइनही देता येते, मात्र तीन दिवसांत ठाण्यात जाऊन सही करावी लागते. एफआयआरची प्रत फुकट मिळते, मागून घ्या. ठाण्यात नोंदवून घेत नसतील तर तीच तक्रार लेखी करून पोस्टाने पोलीस अधीक्षकांकडे पाठवायची. शहरात असाल तर आयुक्तालयातल्या उपायुक्तांकडे.

चौकीत बहुतेक वेळा "गहाळ लिहून टाका, लवकर सुटाल" असं सुचवतात. डुप्लिकेटपुरती गहाळची नोंद चालून जाते. पण उद्या तुमच्या लायसन्सच्या झेरॉक्सवर कुणी भाड्याने गाडी उचलली किंवा सिम घेतलं, तर "चोरी झाली होती आणि अमुक तारखेला कळवलं होतं" हे दाखवायला एफआयआरच उपयोगी पडतो. तक्रारीत लायसन्स नंबर, आरटीओ आणि गेलेल्या प्रत्येक कागदाचं नाव लिहा. नुसतं "पाकीट व कागदपत्रे" लिहिलं तर आरटीओतला माणूस विचारणार, यात लायसन्स कुठंय?

घाईतला
शून्यं भरून बघितलं. तरी तेच. म्हणजे बॅकलॉग. साताऱ्याला काय काय न्यायचं ते सांगा, उद्याच जातो.

जुना_फाटा
थांबा. साल आणि वय सांगा आधी. २००३ चं उदाहरण नीरजाताईंनी दिलं, तुमचं साल कुठलं?

घाईतला
२००३ चंच आहे. टू-व्हीलर २००३, कार नंतर २००५ ला त्याच पुस्तकात चढवली. तेव्हा वीस वर्षांचा होतो. का?

जुना_फाटा
मग तुमचं लायसन्स चोराने नेलं त्याच्या आधीच संपलेलं होतं.

मोटार वाहन कायद्याच्या २०१९ च्या दुरुस्तीपूर्वी खासगी वाहनाच्या लायसन्सची मुदत वीस वर्षं किंवा वयाची पन्नास वर्षं, यांत जे आधी येईल ते, अशी होती. २००३ मध्ये वीस मिळवा. २००५ ला कार चढवली म्हणून मुदत पुढे जात नाही, ती मूळ तारखेपासूनच मोजतात. झेरॉक्सवर वैधतेची तारीख असेल, बघा.

घाईतला
आहे. २०२३ ची आहे. हे कुणी बघतं का हो कधी!! ठीक आहे, डुप्लिकेटबरोबर रिन्यू करून टाकतो. शनिवारपर्यंत होईल?

जुना_फाटा
नाही होणार. मुदत संपल्यापासून एक वर्षाच्या आत अर्ज केला असता तर नुसतं नूतनीकरण झालं असतं. वर्ष उलटलं की मोटार वाहन कायद्याच्या कलम १५ प्रमाणे पुन्हा वाहन चालवण्याची चाचणी द्यावी लागते. दोन्ही वर्ग (टू-व्हीलर आणि कार) हवेत तर दोन्हीची. चाचणीला त्या त्या प्रकारचं वाहन न्यावं लागतं आणि त्याची आरसी, विमा, पीयूसी चालू लागते. पीयूसी संपलेली म्हणून परत पाठवलेले लोक दर वेळी दिसतात.

वय चाळीसच्या वर आहे, म्हणून फॉर्म १ए, म्हणजे नोंदणीकृत डॉक्टरचं वैद्यकीय प्रमाणपत्र लागेल. चाळिशीच्या आतल्यांना नुसतं फॉर्म १ चं स्वयंघोषणापत्र पुरतं.

टू_स्ट्रोक
घाबरवू नका हो. कागद जवळ नसेल तर कलम १७७, पहिल्या वेळी ५०० रुपये. आणि पंधरा दिवसांत आणून दाखवायची सवलत नियम १३९ मध्येच आहे. शनिवारी बिनधास्त जाऊ दे त्यांना.

जुना_फाटा
ती सवलत लायसन्स *आहे* पण जवळ नाही, त्याच्यासाठी. यांचं लायसन्स कायद्याच्या दृष्टीने नाहीच. मुदत संपल्यावर पूर्वी तीस दिवस चालायचं, ती सूटही २०१९ ला काढली. आता कलम १८१, दंड ५,०००. गाडी दुसऱ्याच्या नावावर असेल तर विनालायसन्स माणसाला गाडी दिली म्हणून मालकाला कलम १८०, आणखी ५,०००.

आणि दंडाचं सोडा. घाटात कुणाला ठोकलं तर तुमच्या गाडीच्या नुकसानीचा क्लेम विमा कंपनी नाकारू शकते. समोरच्याला कोर्टाने भरपाई दिली तर ती आधी कंपनीला भरायला लावून नंतर मालकाकडून वसूल करायची मुभाही कोर्टं देतात. ५०० रुपयांचा हिशोब तिथे कुठे बसतो?

टू_स्ट्रोक
बरं, मुदतीचं तेव्हा माहीत नव्हतं. पण चालू लायसन्सवाल्यांसाठी डिजिलॉकर पुरतं, हे मी अजूनही म्हणतो.

कागदवाला
पुरतं, फक्त "इश्यूड" मध्ये आलेलं असेल तर. लोक लायसन्सचा फोटो काढून "अपलोडेड" मध्ये ठेवतात आणि तोच नाक्यावर दाखवतात. त्याची किंमत गॅलरीतल्या फोटोएवढीच. शिवाय आधारवर "सुरेशकुमार" आणि लायसन्सवर "सुरेश" असेल तर नाव जुळत नाही म्हणून डिजिलॉकर लायसन्स ओढतच नाही. आधी नाव दुरुस्त करावं लागतं.

परदेशी_पाहुणा
याच धाग्यात विचारतो, आंतरराष्ट्रीय परमिटसाठी मूळ कार्ड लागतं का?

नीरजा_प
परमिटची फी १,०००, मुदत जास्तीत जास्त एक वर्ष, फॉर्म ४ए. परदेशात परमिटबरोबर मूळ लायसन्सही जवळ ठेवावं लागतं आणि तिकडच्या काउंटरला डिजिलॉकर कळत नाही. पुढचं वेगळ्या धाग्यात विचारा, इथे आधीच गर्दी झालीये.

@घाईतला, साताऱ्याला हे न्या: पुस्तकाची झेरॉक्स (वैधतेचं आणि कारच्या नोंदीचं पान धरून), एफआयआर किंवा गहाळ नोंद, आधार, जन्मतारखेचा पुरावा, आणि बॅकलॉग एंट्रीसाठी साधा लेखी अर्ज. अर्जात लायसन्स नंबर, दिल्याची तारीख आणि *दोन्ही* वर्ग तारखांसकट लिहा. इथेच घोळ होतो. रजिस्टरमध्ये मूळ नोंद २००३ च्या पानावर असते आणि कारची २००५ ची नोंद भलत्याच पानावर किंवा वेगळ्या रजिस्टरमध्ये. कारकून २००३ चं पान उघडतो, टू-व्हीलर चढवतो, बंद करतो. मग संगणकाच्या लेखी तुम्हाला कार येतच नाही आणि ती नव्याने, लर्नरपासून काढायची पाळी येते. एंट्री झाल्यावर तिथून हलायच्या आत मोबाईलवर सारथी उघडून दोन्ही वर्ग दिसतात का ते बघा. नावाचं स्पेलिंग आधारप्रमाणे आहे का, तेही तेव्हाच. मोबाईल नंबर सध्याचाच चढवायला सांगा, पुढचे ओटीपी त्यावरच येतात.

सदाशिव_आण्णा
शंभराच्या स्टँपवर ॲफिडेव्हिट करून न्या, ते मागतातच.

कागदवाला
आण्णा, सरकारी कार्यालयात द्यायच्या प्रतिज्ञापत्राला महाराष्ट्रात मुद्रांक शुल्क माफ आहे. लागलंच तर साध्या कागदावर. डुप्लिकेटसाठीचा एलएलडी फॉर्म हाच मुळात लायसन्स हरवल्याची सूचना आणि अर्ज असा एकत्र असतो. लायसन्स पोलिसांनी किंवा कोर्टाने जप्त केलेलं नाही हे त्यात खरं लिहायचं. जप्तीतलं लायसन्स हरवलं सांगून डुप्लिकेट काढणं अंगाशी येतं. आणि जुनं पुस्तक पुढे कधी सापडलं तर ते आरटीओत जमा करायचं, आठवण म्हणून कपाटात ठेवायचं नाही.

घाईतला
पुण्यात राहून पुढचं सगळं पुण्यात होईल ना? का दर वेळी सातारा?

नीरजा_प
रेकॉर्ड एकदा सारथीत आलं की पुण्यात होईल. अर्ज करताना डुप्लिकेट, नूतनीकरण आणि पत्ता बदल एकाच अर्जात निवडा, वेगवेगळे तीन अर्ज करू नका. एक अडकला की बाकीचे दोन त्याच्या मागे अडकतात. पत्ता बदल विसरू नका. कार्ड स्पीड पोस्टाने लायसन्सवरच्या पत्त्यावर जातं. साताऱ्याच्या बंद घरी गेलं तर परत फिरणार आणि तुम्ही पुण्यात वाट बघत बसणार.

फोटो आणि सही १० ते २० केबीत बसवा, बाकी कागद ५०० केबीच्या आत. फी भरताना पैसे कापले गेले आणि पावती आली नाही तर पुन्हा भरू नका. "व्हेरिफाय पे स्टेटस" मध्ये अर्ज क्रमांक टाकून थोड्या थोड्या वेळाने बघा. फीची पावती छापून ठेवा, चाचणीला मागतात.

घाईतला
बरं. उद्या आधी पोलीस ठाणं, मग सातारा. कोकणात मेहुणा गाडी चालवेल.

जुना_फाटा
मेहुण्याच्या लायसन्सची तारीख बघून घ्या.