मदत हवी आहे: प्लेस्टेशन १ चे गेम एम्युलेटरवर लोड होत नाहीत, तिघांचं दुखणं वेगवेगळं

गोदाकाठ

नमस्कार मंडळी,

आमच्याकडे पहिला प्लेस्टेशन आहे, मॉडेल एससीपीएच ७५०२, काकांनी लंडनहून आणलेला. मशीन चालू होतं, पण लेझर आता डिस्क वाचत नाही. दुरुस्तीला दिलं तर "पार्ट मिळत नाही" म्हणून जसंच्या तसं परत आलं. डिस्क मात्र सगळ्या ओरिजिनल, काळ्या तळाच्या, आणि आईने कापडात गुंडाळून जपलेल्या. दादा बऱ्याच वर्षांनी दिवाळीला घरी येतोय, तोवर निदान तीन गेम लॅपटॉपवरून टीव्हीवर चालू करायचे आहेत. इथेच घोडं पेंड खातंय.

लॅपटॉप जुना आहे: विंडोज १०, तिसऱ्या पिढीचा आय३, ४ जीबी रॅम, ग्राफिक्स इंटेल एचडी ४०००. एम्युलेटर, म्हणजे जुन्या मशीनची कॉम्प्युटरवर नक्कल करणारा प्रोग्रॅम, डकस्टेशन. बायोस (मशीन सुरू करणारा मूळ प्रोग्रॅम) आमच्याच मशीनमधून ओळखीच्या एका मुलाने काढून दिलाय. फाइल ५,२४,२८८ बाइटांची आहे, म्हणजे बरोबर ५१२ केबी. गेम न लावता नुसता बायोस सुरू केला की सोनीचा लोगो येतो, मेमरी कार्डचा मेनूही उघडतो.

आता एकेक गेम.

रिज रेसर: मैत्रिणीच्या कॉम्प्युटरवर इमगबर्न या प्रोग्रॅमने डिस्कची इमेज (फाइलरूपी नक्कल) काढली, बिन आणि क्यू अशा दोन फाइली झाल्या. पटकन ओळखू यावं म्हणून दोन्हींना मराठीत नावं दिली. क्यू उघडली की फाइल सापडत नाही असा एरर येतो. थेट बिन उघडली तर गेम चालतो, गाडीचा आवाजही येतो, पण संगीत अजिबात नाही.

फुटबॉलचा गेम: ही डिस्क इथल्या एका दुकानातून कॉपी करून घेतली, त्यांनी आयएसओ फाइल दिली. दोन्ही लोगो येतात आणि सुरुवातीचा व्हिडिओ लागायच्या वेळी पडदा काळा होतो. एम्युलेटर हँग होत नाही, वरचा फ्रेमचा आकडा हलत असतो. पण पुढे काहीच येत नाही.

क्रॅश टीम रेसिंग: हीदेखील इमगबर्ननेच काढली. हा गेम सुरूच होत नाही. लिबक्रिप्ट असलेला गेम एसबीआय फाइलशिवाय चालवताय, असा इशारा येतो. एसबीआय फाइल म्हणजे काय आणि ती कुठून आणायची?

एम्युलेटर काढून पुन्हा टाकला, ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवून पाहिला, रेंडरर (पडद्यावर चित्र काढायची पद्धत) बदलून पाहिला. फरक शून्य. "नेटवरून दुसरी कॉपी उतरव" हा सल्ला घरबसल्या भरपूर मिळालाय. मला आमच्याच डिस्क चालवायच्या आहेत, कृपया त्या दिशेने सांगा.

निवांत_निपाणी

तुमचा लॅपटॉप फार जुना आहे हो. व्हिज्युअल सी++ चं पॅकेज टाकून बघा, नाहीतर रेट्रोआर्कवर जा. माझे अर्धे प्रॉब्लेम तिथेच सुटले.

खटपट्या_सातारा

निवांतराव, बायोसचा मेनू उघडतोय म्हणजे कॉम्प्युटर, ग्राफिक्स आणि बायोस तिन्ही ठीक आहेत. ते पॅकेज नसतं तर एम्युलेटर उघडलाच नसता, डीएलएल सापडत नाही म्हणून सुरुवातीलाच अडला असता. एम्युलेटर बदलून इथे काही साधणार नाही. दोष डिस्कच्या इमेजमध्ये आहे, तोही तिन्ही ठिकाणी निराळा.

रेंडररचं तेवढं सांगतो. एचडी ४००० ला विंडोजवर व्हल्कन नावाचा रेंडरर चालत नाही, इंटेलने ते सहाव्या पिढीपासून दिलं. डायरेक्ट३डी ११ वर ठेवा आणि परत त्याला हात लावू नका.

ताई, आधी रिज रेसर, कारण ते पाच मिनिटांचं काम आहे. क्यू फाइल नोटपॅडमध्ये उघडा. ती साधी मजकुराची फाइल असते. पहिल्याच ओळीत अवतरणचिन्हांत बिन फाइलचं नाव दिसेल, आणि ते जुनं नाव असेल. बाहेर नाव बदललं तरी आतली ओळ आपोआप बदलत नाही. माझा सल्ला असा की फाइलींना साधी रोमन अक्षरांतली नावं ठेवा आणि तेच नाव आतल्या ओळीत लिहा. डकस्टेशनला देवनागरी चालतं, पण जुने एम्युलेटर अडतात, आणि जुन्या विंडोजच्या नोटपॅडमध्ये क्यू सेव्ह केली तर देवनागरी नावाच्या जागी नुसती प्रश्नचिन्हं उरतात.

त्याच फाइलमध्ये खाली बघा. ट्रॅक १ च्या पुढे मोड २ आणि २३५२ असं लिहिलेलं असेल, आणि ट्रॅक २ पासून पुढे ऑडिओ. तुमचं हरवलेलं संगीत ते हेच. रिज रेसर अख्खा मशीनच्या २ एमबी रॅममध्ये मावतो. एकदा लोड झाला की ड्राइव्ह मोकळा होतो आणि साध्या ऑडिओ सीडीसारखे पुढचे ट्रॅक वाजवत बसतो. त्या काळी पोरं गेम लोड झाल्यावर डिस्क काढून स्वतःच्या आवडीच्या गाण्यांची सीडी घालायची आणि शर्यतीत तीच वाजायची. कुठला ट्रॅक कुठे सुरू होतो याची नोंद फक्त क्यूमध्ये असते. थेट बिन उघडली की एम्युलेटरला एकच डेटा ट्रॅक दिसतो, मग गाडी पळते पण गाणं वाजत नाही.

फुटबॉलच्या फाइलचा नेमका आकार बाइटमध्ये सांगा. एमबीत नको, फाइलच्या प्रॉपर्टीजमध्ये पूर्ण आकडा असतो.

गोदाकाठ

दादा, खूप आभार! क्यूमध्ये खरंच जुनंच नाव होतं. नाव बदललं आणि संगीत आलं. आई स्वयंपाकघरातून बाहेर येऊन उभी राहिली.

फुटबॉलची फाइल ४९,४२,१७,२१६ बाइट आहे.

खटपट्या_सातारा

या आकड्याला २०४८ ने भागा: २,४१,३१७, बाकी शून्य. २३५२ ने भागलं तर बाकी उरते. म्हणजे दुकानदाराने डिस्क डेटा सीडी समजून कॉपी केली आहे.

सीडीवरचा प्रत्येक सेक्टर २३५२ बाइटांचा असतो. कागदपत्रं, फोटो वगैरेंच्या डिस्कमध्ये त्यातले २०४८ बाइटच आपल्या कामाचे, बाकीचे चुका पकडण्या-सुधारण्यासाठी. आयएसओ तेवढे २०४८ च घेते आणि कागदपत्रांना ते पुरतंही. प्लेस्टेशनच्या डिस्कवर मात्र दोन तऱ्हेचे सेक्टर एकमेकांत गुंफलेले असतात. प्रोग्रॅम आणि चित्रं २०४८ वाल्यात. व्हिडिओबरोबरचा आवाज दुसऱ्या तऱ्हेच्या सेक्टरमध्ये, त्यात चूक सुधारायची जागा कमी करून २३२४ बाइट डेटा भरलेला असतो. आयएसओ करताना हे सेक्टर कापले जातात. तुमचे लोगो साध्या सेक्टरमधून आले. व्हिडिओची पाळी आली, गेम आवाजाच्या सेक्टरची वाट बघत बसला, आणि पडदा काळाच राहिला.

तुमची पूर्ण इमेज २,४१,३१७ गुणिले २३५२, म्हणजे ५६,७५,७७,५८४ बाइटांच्या आसपास हवी. आहे त्या आयएसओतून ती परत तयार होणार नाही, जे कापलं ते गेलं. फाइलचं एक्स्टेंशन बदलून बिन करा असं कोणी सांगितलं तर ऐकू नका. डिस्क पुन्हा त्या मैत्रिणीकडेच न्या, इमगबर्नमध्ये डिस्कवरून इमेज बनवायचा पर्याय निवडा आणि वाचायचा वेग कमी ठेवा. जुन्या डिस्कला घाई सोसत नाही. मऊ सुती कापडाने मधून कडेकडे सरळ पुसा, गोल फिरवून पुसू नका.

जॉयस्टिक_जालना

क्रॅशचं सोपं आहे. अमेरिकन आवृत्ती लावा. तिच्यात लिबक्रिप्ट नाही, पळतेही जास्त वेगाने. युरोपची आवृत्ती ५० हर्ट्झची, म्हणजे पडदा सेकंदाला ५० वेळा बदलणारी, तिच्यामागे कशाला लागायचं?

गोदाकाठ

अडचण अशी आहे की आमच्या मेमरी कार्डवर आईच्या टाइम ट्रायलच्या वेळा आहेत. शाळा सुटून आम्ही घरी यायच्या आत ती खेळायची आणि क्रॅश कोव्ह या ट्रॅकवर दादाला तिची वेळ कधीच मोडता आली नाही. ते कार्डसुद्धा पुढे कॉम्प्युटरवर घ्यायचं आहे. अमेरिकन गेममध्ये त्या वेळा दिसतील का?

लीड्सकर

नाही दिसणार. कार्डवरच्या प्रत्येक सेव्हला गेमचा कोड चिकटलेला असतो. तुमचा कोड युरोपचा, एससीईएस ०२१०५. अमेरिकन गेमचा कोड वेगळा, तो तुमच्या सेव्हकडे ढुंकूनही बघणार नाही. आईच्या वेळा हव्या असतील तर तुमचीच युरोपची डिस्क चालायला हवी. तुमचा आग्रह अगदी योग्य आहे.

आता लिबक्रिप्ट. सोनीने युरोपच्या काही डिस्कना हे कॉपी-संरक्षण दिलं होतं, अमेरिकन डिस्कना नाही. सीडीवर मुख्य डेटाच्या जोडीला सबचॅनेल नावाची बारीक पट्टी असते, त्यात "आपण आत्ता कुठल्या मिनिट-सेकंदाला आहोत" अशी नोंद असते. लिबक्रिप्टच्या डिस्कवर ठरावीक सेक्टरांतली ही नोंद मुद्दाम बिघडवलेली असते. कुठली नोंद बिघडलेली आणि कुठली चांगली यावरून गेम १६ बिटांची किल्ली तयार करतो. सीडी रायटर कॉपी करताना या नोंदी इमानदारीने दुरुस्त करून टाकतो, किल्ली चुकते, आणि गेम पुढे जात नाही. बिन आणि क्यूमध्ये सबचॅनेल येतच नाही. त्यामुळे तुमची इमेज चांगली असूनही अपुरी आहे.

एसबीआय म्हणजे त्या बिघडवलेल्या नोंदींची यादी. फाइल जेमतेम काहीशे बाइटांची, तिच्यात गेमचा एक बाइटही नसतो. रीडंप नावाचा डिस्क-नोंदणीचा प्रकल्प आहे, तिथे लिबक्रिप्ट असलेल्या डिस्कच्या पानावर कोडनिहाय ती मिळते. एससीईएस ०२१०५ चीच घ्या, दुसऱ्या गेमची चालत नाही. क्यूच्या शेजारी त्याच फोल्डरमध्ये ठेवा आणि नाव हुबेहूब क्यूसारखं द्या, फक्त शेवटचं एक्स्टेंशन एसबीआय. एका स्पेसचाही फरक नको. विंडोज एक्स्टेंशन लपवतं, म्हणून आधी ते दिसायला लावा, नाहीतर नावापुढे टीएक्सटीचं शेपूट राहून जातं आणि फाइल समोर असून सापडत नाही.

५० हर्ट्झबद्दल: जालनाकर म्हणतात ते खरं आहे, युरोपचे बरेच गेम अमेरिकनपेक्षा थोडे संथ चालतात. पण आईच्या वेळा त्याच वेगावर लागल्या आहेत. वेग वाढवायची सेटिंग दिसेल, तिच्या वाटेला जाऊ नका. दादाला बरोबरीची संधी त्याच वेगात मिळू दे.

गोदाकाठ

चाललं!! एसबीआय ठेवली, इशारा गेला आणि गेम थेट मेनूपर्यंत पोचला. फुटबॉलची डिस्कही परत काढून आणली, तुम्ही सांगितला तेवढाच आकार भरला, व्हिडिओ आवाजासकट दिसतोय. लीड्सकर, खटपट्यादादा, तुमच्या दोघांमुळे आमची दिवाळी लवकर आली.

आता कार्ड. सोनीचंच आहे, करड्या रंगाचं. लॅपटॉपला कसं जोडू? मशीन डिस्क वाचत नाही, तेव्हा तो मार्ग बंदच दिसतो.

लीड्सकर

सोनीने प्लेस्टेशन ३ साठी मेमरी कार्ड ॲडॅप्टर काढला होता, यूएसबीचा. जुन्या बाजारात मिळाला तर सोन्याहून पिवळं, पण भारतात तो क्वचितच दिसतो.

खटपट्या_सातारा

त्यापेक्षा आर्डुइनो (प्रोग्रॅम चढवता येणारा छोटा इलेक्ट्रॉनिक बोर्ड) स्वस्त आणि हाताशी आहे. मेमकार्डुइनो नावाचा मोफत प्रोग्रॅम त्यावर चढवायचा, कार्डच्या पट्ट्यांना तारा जोडायच्या, आणि लॅपटॉपवर मेमकार्डरेक्सने वाचायचं. इंजिनिअरिंगच्या कुठल्याही इलेक्ट्रॉनिक्सवाल्या पोराला हे जमेल. दोन गोष्टी त्याला बजावून सांगा. कार्डचा पुरवठा ३.६ व्होल्टच्या आसपास असतो, म्हणून आर्डुइनोच्या ५ व्होल्टच्या पिनेवरून वीज देऊ नये, ३.३ ची वापरावी. आणि पट्ट्यांवर सोल्डर करू नये, एखाद्या मेलेल्या मशीनचा कार्डाचा खाचा काढून तो वापरावा. तुमच्याच मशीनचा नको, त्याचं लेझर उद्या मिळेलही.

आधी फक्त वाचायचं. लिहायचं बटण दाबायचंच नाही. पूर्ण कार्डची फाइल बरोबर १,३१,०७२ बाइट भरते, म्हणजे १२८ केबी, आत १५ ब्लॉक. वाचन दोनदा करा आणि दोन्ही फाइली तंतोतंत सारख्या आहेत का ते तपासा. तारेचा संपर्क ढिला असेल तर इथेच कळतं. सारख्या निघाल्या की एक प्रत पेनड्राइव्हवर वेगळी ठेवा. मग डकस्टेशनच्या टूल्समध्ये मेमरी कार्ड एडिटर आहे, त्यात दुसरी प्रत इम्पोर्ट करा. क्रॅशच्या नावाचा ब्लॉक यादीत दिसायला हवा.

गोदाकाठ

चुलतभाऊ इथल्याच कॉलेजात इलेक्ट्रॉनिक्सला आहे, त्याच्याकडे आर्डुइनो आहे म्हणाला. कार्डाचा खाचा कुठून आणू? नाशिक किंवा पुण्यात कोणाकडे बंद पडलेला पहिला प्लेस्टेशन पडून असेल तर कृपया निरोप द्या, योग्य ती किंमत देईन.

जॉयस्टिक_जालना

ताई, माझ्याकडे आहे. मदरबोर्ड जळालेला, पण पुढचा कंट्रोलर-कार्डाचा भाग धडधाकट आहे. पैसे नकोत. पत्ता निरोपातून कळवा, उद्या कुरिअर करतो.