मधली पिढीच गायब, मग मॅच कुणाशी?

वर कुणीतरी विचारलंय की अर्जेंटिनाच्या त्या आज्यांना (लष्करी राजवटीत हिरावलेली नातवंडं शोधणारी ‘प्लाझा दे मायोच्या आज्या’ ही संघटना) नातवंडं शोधायला एवढी वर्षं का लागली, डीएनए टेस्ट केली की झालं ना. अहो पण मॅच कुणाशी करणार? १९७६ ते ८३ च्या लष्करी राजवटीत आईबाप दोघंही उचलून नेलेले, बाळ छळछावणीत जन्मलं आणि कुणा लष्करवाल्याच्या नाहीतर त्यांच्या ओळखीपाळखीतल्या घरात खोट्या कागदपत्रांवर वाढलं. मग या आज्याच शास्त्रज्ञांच्या मागे लागल्या, की आमच्या रक्तावरून नातू ओळखता येईल का ते सांगा, आणि अमेरिकन जनुकशास्त्रज्ञ मेरी-क्लेअर किंग वगैरे मंडळींनी १९८४ च्या सुमारास ते जमवून दिलं. पुढे मायटोकाँड्रियल डीएनएही कामी आला. पेशीतल्या ऊर्जा बनवणाऱ्या भागातला हा डीएनए फक्त आईकडूनच येतो, त्यामुळे आईची आई असली तरी धागा जुळतो (आपण वंशावळी बापाकडून लिहितो, इथे सगळं आजोळावर!). १९८७ मध्ये कायदा करून जनुकीय बँकच काढली, म्हणजे आजी गेली तरी नमुना राहतो. आज्यांच्या अंदाजाने अशी मुलं ५०० च्या आसपास, सापडली साधारण १४०. बाकीचे आता पन्नाशीच्या आगेमागे असतील, आणि त्यातल्या कितीतरी जणांना स्वतःबद्दल शंकासुद्धा आली नसेल.