थंडीतल्या भाज्या, कमी कर्ब (कार्बोहायड्रेट) आणि परक्या चवी : तुमचे अनुभव लिहा

मंडईत फ्लॉवर, नवलकोल, मुळा, लसणाची पात सगळं एकदम उतरलंय. घरात मधुमेह आहे, म्हणून रात्रीचा भात बंद केला, पण वाटीभर परतलेली भाजी चमच्यानं खायचा वीट आलाय. दुसऱ्या देशांच्या चवी आपल्या भाज्यांना लावून कोणी काही केलंय का? अर्ध्या तासात व्हावं, बटाटा-कॉर्नफ्लोअर नको. आणि चीज ओतून 'कीटो' म्हणू नका, प्लीज.

कोकणकडा
नवलकोलाचं सोम तम! थायलंडात ही कोशिंबीर कच्च्या पपईची करतात. उखळीत लसूण-मिरची ठेचायची, त्यात वाळवलेली कोळंबी (आपली सुकट), शेंगदाणे, टोमॅटो, लिंबू, फिश सॉस, ताडाचा गूळ. यादी वाचून हसूच आलं, फिश सॉस सोडला तर आमच्या रत्नागिरीच्या स्वयंपाकघरात यातलं नाही काय? नवलकोल जाड सोलायचा, सालीखालचे दोरे दातात येतात. किसणी नको, सुरीनं काड्या करा. किसलं की पाणी सुटतं आणि सगळं गळाठतं. सुकट कोरडी भाजून, डोकी-शेपट्या काढून जाडसर चुरायची. तिचा खारटपणा धरूनच मीठ घाला. गूळ मी नखाएवढाच घालते. दाणे भरडच हवेत, बारीक कूट घातलंत तर खमंग काकडी होते (तीही वाईट नाही म्हणा). करून लगेच खायचं, डब्यात न्यायचा पदार्थ नाही हा.

तीळगूळ_विदाऊट_गूळ
आम्ही शाकाहारी. संक्रांतीला आणलेल्या तिळाची ताहिनी करते. लेबनॉन-पॅलेस्टाइनकडे फ्लॉवरबरोबर ती खातातच. पॉलिशचे तीळ रंग न बदलता भाजून, थोडं तेल घालून मिक्सरमध्ये अगदी मऊ वाटायचे. मग लसूण, लिंबू, मीठ आणि गार पाणी थोडं थोडं. आधी मिश्रण आवळून घट्ट गोळा होतो, तिथे थांबायचं नाही. आणखी पाणी गेलं की पांढरंशुभ्र आणि सैल होतं. फ्लॉवरचे तुरे तेल-मीठ चोळून ओव्हनला 220 अंशावर 25 मिनिटं. ओव्हन नसेल तर बिडाचा तवा, मोठी आच, झाकण अजिबात नाही. सारखं हलवूही नका, एका बाजूला डाग पडू द्या. उतरवताना चिमूटभर गोडा मसाला. त्यात तीळ-खोबरं असतंच, त्यामुळे ताहिनीशी जमतं. सासूबाईंनी आधी नाक मुरडलं, मग वाटी पुसून खाल्ली.

जर्मनीकर
इथे कोलराबी म्हणजे आपला नवलकोल, अगदी रोजची भाजी. लोक पानं दुकानातच तोडून ठेवतात, मी ती आनंदानं उचलते. पानं बारीक चिरून लसूण-मिरचीवर परतायची, गड्ड्याच्या चकत्या लोण्यात सोनेरी करायच्या, वर जायफळ. पानं महाराष्ट्र, चकत्या जर्मनी.

संत्रानगरी
मुळ्याची किमची, म्हणजे आंबवलेलं तिखट कोरियन लोणचं. तिकडे ककदुगी म्हणतात. चौकोनी फोडी मिठात अर्धा तास, पाणी काढून तिखट, आलं-लसूण, कांदापात. तिकडे तांदळाच्या पिठाची खळ घालतात, ती वगळली की कर्ब आणखी कमी. त्यांची मिरची सौम्य असते, आपली भिवापुरी त्या मापानं घालू नका. नागपूरच्या थंडीत दोन दिवसांत आंबूस होते. बरणी उघडताना खिडकी उघडी ठेवा. उरली की अंड्यात परता.

हिरवी_पात
लसणाची पात, भाजलेले दाणे, लिंबू, तेल. वाटा, पेस्टो (इटलीची चटणी) म्हणा. कोबीच्या लांब पट्ट्या परतून त्यावर. बस्स.

मोजूनमापून
थोडा रसभंग करतो. 100 ग्रॅम शिजलेल्या भातात साधारण 28 ग्रॅम कर्ब, फ्लॉवरमध्ये 5, नवलकोलात 6. पण गाजरात 10 आणि मटारात 14, तेव्हा 'भाजीच आहे' म्हणून मटार मूठमूठ टाकू नका. शिवाय इन्सुलिन किंवा मधुमेहाच्या गोळ्या चालू असतील तर भात-पोळी एकदम तोडण्याआधी डॉक्टरांना सांगा, साखर जास्तच खाली जाऊ शकते.

पार्लेकर
@कोकणकडा, सुकट नाही, सोडे (सोलून वाळवलेली कोळंबी) आहेत. चालतील?

कोकणकडा
चालतील की. कोमट पाण्यात भिजवा, तुकडे करून तेलावर कुरकुरीत परता. कच्चे घालू नका.