कोटावरून नेता ओळखणाऱ्यांनो, जरा थांबा (मायकेल फूट)

बार्शी लाईट

काल 'जगातले पडीक विरोधी पक्षनेते' या धाग्यावर सडेतोड यांनी ब्रिटनच्या मजूर पक्षाचा १९८० ते ८३ मधला नेता मायकेल फूट याला पहिला नंबर देऊन टाकला. त्यांचे शब्द जसेच्या तसे : "शहिदांना मानवंदना द्यायला गवंड्याचा कोट घालून गेलेला म्हातारा. मजूर पक्ष २७ टक्क्यांवर आणून ठेवला. पुढचं बोलायची गरज नाही."

गरज आहे. तिथे लिहिलं असतं तर 'धागा भरकटवू नका' म्हणून ओरडा झाला असता, म्हणून हा वेगळा.

आधी तो कोट. नोव्हेंबर १९८१, लंडनचं सेनोटाफ स्मारक. कोट गवंड्याचा नव्हता, बायकोने हॅरॉड्स या भारी दुकानातून आणलेला होता. राजमातेने त्याचं कौतुक केलं असं फूट स्वतःच सांगायचा. पण त्याच्याच पक्षाचा एक खासदार बोलून गेला की हा बेकार खोदकामगारासारखा दिसतो, आणि पेपरवाल्यांना तेवढं पुरलं. एक डोळा १९७६ साली नागीण या आजाराने गेलेला, त्याआधी १९६३ च्या मोटार अपघाताने चालणं बिघडलेलं, हातात काठी. अशा ६८ वर्षांच्या माणसाच्या कपड्यांवर देशाने दोन वर्षं चर्चा केली. आणि तेव्हा देशात बेकार किती? जानेवारी १९८२ ला तीस लाखांच्या वर.

आता ते २७ टक्के. नेमके २७.६, १९८३ च्या निवडणुकीत. नोव्हेंबर १९८० मध्ये पक्षातल्या उजव्या गटाच्या हीलीला १३९ विरुद्ध १२९ असं हरवून फूट नेता झाला. त्याला मत देणाऱ्यांत काही जण असे होते की ज्यांना पक्ष फोडायचाच होता, डावा नेता आला की बाहेर पडायला निमित्त मिळेल म्हणून. काही महिन्यांतच चौघे मोठे बाहेर पडलेच : जेन्किन्स, ओवेन, शर्ली विल्यम्स, रॉजर्स. हळूहळू २८ मजूर खासदार गेले. मग १९८१ च्या उपनेतेपदाला डाव्यांचा बेन उभा राहिला, हीली एक टक्क्याहूनही कमी फरकाने वाचला. वर्षभर घरातच धुणी धुतली गेली. त्यानंतर १९८२ चं फॉकलंडचं युद्ध. घरचं झालं थोडं आणि व्याह्याने धाडलं घोडं! ८१ च्या अखेरीस पंतप्रधान थॅचरबाईंची लोकप्रियता गाळात होती हे विसरू नका.

अशा वेळी गादीवर कोणीही बसला असता तरी हरलाच असता. फूटमुळे निदान पक्ष शिल्लक तरी राहिला.

सडेतोड

माझ्यावर वेगळा धागा निघाला, धन्य झालो.

बावीस वर्षं इंग्लंडात राहतोय. इथले म्हातारे मजूरवाले कोटाबद्दल बोलत नाहीत, १९८३ च्या जाहीरनाम्याबद्दल बोलतात आणि कपाळाला हात लावतात. अण्वस्त्रं एकतर्फी मोडीत काढा, युरोपीय बाजारातून बाहेर पडा, लॉर्ड्सचं सभागृह मोडा, विकलेले धंदे परत सरकारकडे घ्या. 'इतिहासातली सगळ्यात लांबलचक आत्महत्येची चिठ्ठी' हे मी नाही म्हणत, त्याच्याच पक्षाचा जेराल्ड कॉफमन म्हणाला. ऐन प्रचारात माजी पंतप्रधान कॅलहन कार्डिफला उभे राहून आपल्याच पक्षाचं अण्वस्त्रधोरण चूक आहे म्हणाले. हे फॉकलंडमुळे झालं का?

आणि फॉकलंडचं तर सांगूच नका. ३ एप्रिल १९८२ ला, शनिवारी, संसदेत थॅचरबाईंच्या बाजूने सगळ्यात कडक भाषण कोणी केलं? तुमच्या शांतिदूताने. ऑल्डरमास्टनच्या अण्वस्त्र केंद्रावर पायी मोर्चे काढणारा माणूस आरमार पाठवायला पाठिंबा देतो, मग युद्ध जिंकल्यावर मतं तिकडे गेली म्हणून रडायचं?

नाचता येईना अंगण वाकडं. माणूस विद्वान असेल, ग्रंथपालाची नोकरी द्यायची होती.

भुईमूग

जागा धरून बसलोय. चहा आणा कोणीतरी.

पाटावरवंटा

फूट कोण ते मला नीट माहीत नाही पण कोटाबद्दल बोलणार.

१९९६ साली पुण्यात एका कंपनीत मुलाखतीला गेलो होतो. पाऊस मरणाचा, स्वारगेटला बूट फाटला, म्हणून कोल्हापुरी चपला घालून गेलो. लेखी परीक्षेत पहिला होतो. साहेबाने माझ्या पायांकडे पाहिलं, शेजारच्याकडे पाहिलं, आणि मला विचारलं, "शेती आहे का घरी?" संपली मुलाखत. आज इतक्या वर्षांनीही कोणी कपड्यांवरून बोललं की डोकं फिरतं. सडेतोडसाहेब, तुम्ही टाय लावून प्रतिसाद लिहिता का?

सडेतोड

@पाटावरवंटा : तुमच्या चपलांबद्दल सहानुभूती. पण तुम्ही पंतप्रधानपद मागत नव्हतात.

जुना सेवादल

बार्शी लाईट, लेख चांगला. एक गोष्ट सोयीस्कर गाळलीत म्हणून इतक्या महिन्यांनी लॉगिन केलं.

आणीबाणी.

आमचं घर सेवादलाचं. भिंतीवर साने गुरुजी, फळीवर 'साधना'चे गठ्ठे. ब्रिटिश मजूर पक्ष म्हणजे आम्हाला थोरल्या चुलत्यांचं घर. मजूर पक्षाचा थोर पुढारी बेव्हन आणि फूट ही नावं बाबा अशी घ्यायचे जशी शेजारच्या वकिलांची घेतात. फूट तर इंडिया लीगमधला, कृष्ण मेननचा जुना दोस्त, आपल्या स्वातंत्र्यासाठी झटलेला.

जुलै १९७५ मध्ये बाबांना मिसाखाली उचललं. अठरा महिने. आई महिन्यातून एकदा भेटीला जायची, डब्यात शेंगदाण्याची चटणी. शिपाई चटणीत बोट घालून बघायचा चिठ्ठी आहे का ते. बाबांची कार्डं यायची त्यावर जांभळा शिक्का आणि मधल्या दोन-तीन ओळी काळ्या शाईने गिरगटलेल्या. मी आठ वर्षांचा. कार्ड उजेडासमोर धरून त्या ओळी वाचायचा प्रयत्न करायचो. कधी जमलं नाही.

जगभरातले समाजवादी पुढारी तेव्हा इंदिराबाईंना जाब विचारत होते. आणि फूट, विलायतच्या मंत्रिमंडळात बसलेला, त्यांची पाठराखण करत होता! आयुष्यभर पत्रकारी केलेला माणूस. त्याला आमची वर्तमानपत्रं कशी छापली जातात ते कळत नव्हतं? कराडच्या संमेलनात दुर्गाबाई भागवत बोलल्या, पुढे त्यांना अटक झाली. एक बाई कराडात बोलते, आणि लंडनचा शूर पत्रकार गप्प राहत नाही, उलट वकिली करतो.

त्यामुळे कोट, जाहीरनामा, टक्के हे तुमचं चालू द्या.

सडेतोड

वा! हे मला माहीतच नव्हतं. सेवादलकाका, तुम्हाला साष्टांग. बार्शी लाईट, आता बोला.

बार्शी लाईट

माहीत होतं. गाळलं नाही, विषय १९८० ते ८३ चा होता.

सेवादलजी, तुमच्या वडिलांबद्दल आदर आहे, पण फूटला नेहरूंचं घर १९३०च्या दशकापासून ठाऊक होतं. मेननमार्फत ओळख, पुढे मैत्री. नेहरूंची मुलगी हुकूमशहा होईल हे त्याला पटणंच शक्य नव्हतं. चूक झाली. पण शेवटी इंदिराबाईंनी निवडणूक घेतली आणि हरल्या, हेही खरं ना?

जुना सेवादल

"निवडणूक घेतली" म्हणे! उपकार झाले. चोराने तिजोरी परत आणून दिली म्हणून त्याचा सत्कार करायचा का?

आणि "विषय १९८० ते ८३ चा" हे कसलं वकिली उत्तर? तुम्ही जन्मला होतात का तेव्हा? पुस्तकं वाचून आम्हाला आमच्याच घरात काय झालं ते शिकवू नका.

भुईमूग

अवांतर : आणीबाणीत आगगाड्या वेळेवर धावायच्या म्हणतात.

जुना सेवादल

भुईमूग, हे वाक्य परत लिहिलंत तर मी या धाग्यावरून जाईन किंवा तुम्ही.

भुईमूग

चिमटा होता काका. माझा आजोबा पण नसबंदीच्या भीतीने मळ्यात झोपायचा. घ्या, चहा घ्या.

खडीसाखर

थोडं दुसऱ्या बाजूने. माझा मामा मिरजेहून डॉक्टरी करून १९६९ ला साउथ वेल्सला गेला आणि एब व्हेलजवळच्या एका गावात निवृत्त होईपर्यंत दवाखाना चालवला. त्या खोऱ्यांत गोरे डॉक्टर यायला तयार नसत, कोळशाच्या धुळीने फुप्फुसं भरलेले पेशंट आणि सततचा पाऊस. आपलेच लोक होते जिकडेतिकडे. मामी सांगते, पेशंटच्या घरी व्हिजिटला गेलं की दिवाणखान्यात हमखास बेव्हनचा फोटो. येशूच्या शेजारी.

ती बेव्हनची जागा १९६० पासून फूटकडे होती. ७०च्या दशकात तिथल्या पोलादाच्या भट्ट्या बंद करायचं ठरलं तेव्हा फूट स्वतः रोजगारमंत्री. गावात आला तेव्हा त्याच्याच लोकांनी त्याची हुर्यो उडवली. मामाचे पेशंट महिनाभर तेच बोलत होते. पण आला, तोंड लपवलं नाही, हेही तेच पेशंट सांगायचे. आणि १९८३ ला, सगळा देश थॅचरमय झालेला असताना, त्या खोऱ्याने त्याला ७० टक्के मतं दिली. सडेतोड, ते कोट बघून मत देणारे नव्हते, त्यांच्या अंगावर तसलाच कोट असायचा.

कामगारांच्या सुरक्षिततेचा १९७४ चा कायदा त्याच्याच मंत्रिपदाच्या काळातला आहे. मामा म्हणायचा, त्यानंतर बोटं तुटून येणारे कमी झाले. हा मामाचा अंदाज, आकडे मागू नका.

सडेतोड

खडीसाखरताई, कायद्याचं मान्य. मंत्री म्हणून वाईट नव्हता. वक्ता तर होताच. मार्च १९७९ ला मजूर सरकार ३११ विरुद्ध ३१० असं एका मताने पडलं, त्या रात्री शेवटचं भाषण फूटचं. लिबरलांच्या तरुण स्टीलला म्हणाला, हा होतकरू तरुणाचा एकदम ज्येष्ठ मुत्सद्दी झाला, मधला काळ आलाच नाही. अर्धं सभागृह लोळलं.

पण मी म्हणतोय नेता म्हणून. टॅचेलचं बघा. लंडनच्या बर्मंडसी मतदारसंघातला डावा उमेदवार. फूट संसदेत उभा राहून सांगतो, हा आमचा उमेदवार कधीच होणार नाही. मग वर्षभराने तोच उमेदवार! फेब्रुवारी १९८३ मध्ये हक्काची जागा घालवली. तळ्यात, मळ्यात, पुन्हा तळ्यात. पक्षात घुसलेल्या कडव्या डाव्या मिलिटंट गटाच्या पाच जणांना हाकललं तेही निवडणुकीला चार महिने उरले असताना.

कांदेपोहे

टक्केवारीवर नाचणाऱ्यांसाठी : १९८३ ला लिबरल आणि मजूर पक्षातून फुटलेल्यांच्या आघाडीला २५.४ टक्के आणि २३ जागा, मजूर पक्षाला २७.६ टक्के आणि २०९ जागा. २०१९ ला मजूर पक्षाच्याच कॉर्बिनला ३२.१ टक्के पडूनही २०२, म्हणजे फूटपेक्षा कमी. आणि २०२४ ला स्टार्मरला ३३.७ टक्क्यांवर ४११! दीड टक्का वाढला आणि जागा दुप्पट. हे नेत्याचं कर्तृत्व आहे का मटक्याचा आकडा?

आणि युरोपातून बाहेर पडणं ही आत्महत्या होती ना? ती उजव्यांनी करून दाखवली. चिठ्ठी फक्त आखूड होती.

सडेतोड

कॉर्बिनचा धागा वेगळा काढा, तिथे येतो. कात्री घेऊन.

बार्शी लाईट

टॅचेलबद्दल मी फूटचा बचाव करणार नाही. लाजिरवाणं होतं.

पण रात्रभर सेवादलजींचा प्रतिसाद डोक्यात होता. मला वाटतं टॅचेल, मिलिटंट, बेन, इंदिराबाई हे एकाच माणसाचं दुखणं आहे. ज्याच्याशी एकदा नातं जुळलं त्याला तोडता येत नसे. बीव्हरब्रुकसारख्या उजव्या पेपरमालकाशीही शेवटपर्यंत दोस्ती ठेवली त्याने. १९८२ ला बीकन्सफील्डच्या पोटनिवडणुकीत आपटी खाल्लेल्या एका होतकरू पोराने त्याला २२ पानी पत्र लिहिलं, तर त्याचंही कौतुक. पोराचं नाव टोनी ब्लेअर. मित्र म्हणून असा माणूस लाखात एक. पक्षाला मात्र त्या वेळी हातात सुरी धरणारा हवा होता.

सेवादलजी, "विषय १९८० ते ८३ चा" हे मागे घेतो. तसं लिहायला नको होतं.

जुना सेवादल

ठीक.

मीही जन्मतारीख काढायला नको होती.

बाबांना सुटल्यावर मी विचारलं होतं फूटबद्दल. ते म्हणाले, "मेननचा दोस्त तो, घरची भांडणं समजून गप्प बसला असेल." मी म्हटलं गप्प कुठे बसला, बोलला. तर म्हणाले, "पोहे कर जा." बाबांनी माफ केलं असावं. पुढे फूटची बेव्हनवरची दोन खंडांची चरित्रं फुटपाथवरून घेऊन आले, एकाचं कव्हर गेलेलं. ती माझ्याकडे आहेत. वाचली नाहीत, वाचणारही नाही. रद्दीतही घातली नाहीत.

भुईमूग

काका, मला द्या. शपथ, आगगाड्यांबद्दल बोलणार नाही.

जुना सेवादल

नाही.

सडेतोड

चला, पहिला नंबर परत घेतो. दुसरा देतो. पहिल्याला फाशी देऊ उद्या, आज घरी पाहुणे आहेत. आणि जाहीरनाम्याबद्दल एक अक्षर मागे घेतलेलं नाही याची नोंद घ्यावी.

पाटावरवंटा

एवढं सगळं वाचलं. कोटाचा रंग कोणीच सांगितला नाही.

खडीसाखर

हिरवट. मँचेस्टरच्या संग्रहालयात ठेवलाय.

पाटावरवंटा

हिरवा? नाही मग. हिरवा मुलाखतीला मीही घातला नसता.