ग्रेड टू घराला चेरीची बाग कुठून आणायची?

चिल्टर्नवासी

धागा काढायला निमित्त आमच्या घराच्या मागच्या तीन खिडक्यांचं.

आम्ही ऑक्सफर्डशरमध्ये, चिल्टर्न टेकड्यांवरच्या एका पॅरिशमध्ये राहतो. पॅरिश म्हणजे साधारण आपली ग्रामपंचायत: चर्च, पब, शाळा आणि विखुरलेली घरं. आमचं घर विटा आणि चकमकीच्या दगडाचं, नोंदीप्रमाणे अठराव्या शतकातलं, ग्रेड टू, म्हणजे संरक्षित इमारतींच्या सरकारी यादीतल्या सर्वांत खालच्या श्रेणीतलं. गावात गॅसची पाइपलाइन नाही, परसातल्या टाकीतल्या तेलावर घर तापतं. मागच्या खोलीत आई झोपते. जानेवारीत सकाळी काचेच्या आतल्या बाजूने पाणी ओघळत असतं आणि खिडकीखालची भिंत बुरशीने काळी पडते. दुहेरी काचेच्या खिडक्यांसाठी रीतसर अर्ज केला, पैसे देऊन आराखडे काढून घेतले, पाच महिने वाट पाहिली आणि नकार आला.

इंग्लंडमध्ये संरक्षित इमारतींच्या सुमारे ३ लाख ८० हजार नोंदी आहेत. त्यांतल्या ९० टक्क्यांहून जास्त ग्रेड टू. म्हणजे शेतकऱ्यांची घरं, गोठे, मैलाचे दगड, लाल टेलिफोनची खोकीसुद्धा. हे संरक्षण फक्त दर्शनी भिंतीला नसतं, आतला जिनाही त्यात येतो आणि १ जुलै १९४८ पूर्वीची परसातली शेडही. परवानगीशिवाय बदल केला तर तो फौजदारी गुन्हा, दोन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. आधीच्या मालकाने चोरून केलेला बदल पूर्ववत करण्याची नोटीस पुढच्या मालकावर कधीही येऊ शकते, त्याला मुदत नाही.

आमच्या शेजारी स्टोक रो गावात काशीच्या महाराजांची विहीर आहे. टेकडीचा दगड खडूचा, पाणी झिरपून खोल जातं. हिंदुस्थानात अधिकारी असलेल्या एडवर्ड अँडरडन रीडने महाराज ईश्वरीप्रसाद नारायणसिंहांना आपल्या गावाकडची ही पाण्याची ओढाताण सांगितली होती. महाराजांनी पैसे दिले आणि १८६३-६४ मध्ये ३६८ फूट खोल विहीर हातांनी खणली गेली. मला त्यातली सर्वांत शहाणपणाची गोष्ट वाटते ती पुढची. विहिरीजवळ चेरीची बाग लावली, फळं विकून येणाऱ्या पैशांतून विहिरीची देखभाल व्हावी म्हणून. आजच्या कायद्याने आम्हाला विहीर दिली, बाग दिली नाही. नवीन घर बांधलं तर व्हॅट शून्य, तीनशे वर्षांच्या घराचं छप्पर दुरुस्त केलं तर २० टक्के! मंजूर बदलांवर पूर्वी सूट होती, तीही २०१२ मध्ये गेली.

माझं म्हणणं असं: ग्रेड टू राहत्या घरांची रस्त्यावरची बाजू, धुराडी, छपराची रेषा यांवर नियम कडक ठेवा. मागच्या खिडक्या आणि मागच्या उतरणीवरचे सोलर यांना घरागणिक अर्ज नको, सरसकट परवानगी द्या. लंडनच्या केन्सिंग्टन-चेल्सी कौन्सिलने २०२२ मध्ये सोलरसाठी असा एकच आदेश काढला आहे. मग खेड्यातच का नको?

चुनागच्ची

मी याच क्षेत्रात काम करते, ग्लॉस्टरशरमध्ये. तुमच्या आईंचा त्रास खरा आहे, पण उपाय चुकतोय असं वाटतं म्हणून सविस्तर लिहिते.

पहिला प्रश्न खिडकीचा नाहीच. भिंतीच्या दरजा कशाने भरल्या आहेत? १९६०-७० च्या सुमारास इथल्या शेकडो घरांच्या चुन्याच्या दरजा खरवडून त्यांत सिमेंट भरलं गेलं. चुना ओल सोडतो, सिमेंट कोंडतं. मग विटेत मुरलेलं पाणी आत येतं, ओली भिंत थंड राहते आणि तिच्यावर बुरशी धरते. त्यात जुनी चूल बंद करताना धुराड्याला हवेची जाळी ठेवली नसेल तर आणखी भर. अशा घरात दुहेरी काच बसवली तर काच कोरडी होईल आणि पाणी भिंतीवर उतरेल.

दुसरं. जुनी चौकट न काढता आतून दुसरी काच बसवता येते. गारठा आणि आवाज, दोन्ही चांगले कमी होतात. हिस्टॉरिक इंग्लंड या वारसा जपणाऱ्या सरकारी संस्थेने २०२४ मध्ये काढलेल्या मार्गदर्शिकेचा कलही तिकडेच आहे. हा पर्याय तुम्हाला नकाराच्या पत्रात कोणी सांगितला नसेल, तर ती चूक त्यांची.

तिसरं, आणि इथे माझा तुम्हाला ठाम विरोध आहे. ‘पुढची बाजू जपा, मागची मोकळी सोडा’ हे ऐकायला सोयीचं आहे, पण इंग्रजी खेड्यातलं घर तसं बांधलेलंच नसतं. अठराव्या शतकात हाती पैसा आला की लोक समोर विटांची नवी भिंत उभारत. मागे जुनं लाकडी घर तसंच राही. कितीतरी घरांत दर्शनी बाजूच सर्वांत नवी असते. पोटमाळ्यावर चढून बघा.

राधिका लीड्सकर

चुनागच्चीताई, तुमचं तंत्र बरोबर असेलही. पण चुन्याचं काम येणारा गवंडी मिळायला किती महिने लागतात आणि तो किती घेतो, तेही लिहा ना. माझे सासरे यॉर्कशरमधल्या एका पॅरिशमध्ये वाढले. त्यांच्या वर्गातलं एकही कुटुंब आता त्या जुन्या घरांत नाही. ज्यांना चुना, ओकचं लाकूड आणि सल्लागार परवडतात तेच तिथे आलेत, त्यांतले निम्मे शनिवार-रविवारपुरते. घर टिकलं, पण ज्यांनी ते तीनशे वर्षं वापरलं ती माणसं गेली. हे नुकसान कुठल्या यादीत लिहायचं?

आणि केंब्रिजच्या किंग्ज कॉलेज चॅपलवर २०२३ मध्ये ४३८ सोलर पॅनल बसले. ती तर ग्रेड वन, सर्वांत वरची श्रेणी! तिथे चालतं ते शेतकऱ्याच्या घराला का चालू नये?

वाटाड्या

राधिकाताई, चॅपलला ती परवानगी अर्ज करून, एका इमारतीचा विचार होऊनच मिळाली. सरसकट नाही. तुमचं उदाहरण उलट बाजूचं आहे.

नियम नसले की काय होतं ते स्टॅफर्डशरमधल्या हिम्लीला बघा. १७६५ चं शेतघर, पुढे पब झालेलं ‘क्रुकेड हाउस’. खालच्या खाणींमुळे जमीन खचून एका बाजूला कललेलं. लांबून लोक बघायला येत. ते यादीत नव्हतं. ऑगस्ट २०२३ मध्ये आग लागली आणि दोन दिवसांत उरलेलं पाडलं गेलं. नंतर कौन्सिलने पुन्हा बांधण्याची नोटीस काढली, पण अडीचशे वर्षांत हळूहळू कललेली भिंत नोटिशीने परत कशी येणार? पाच महिने थांबावं लागणं वाईटच, मान्य. पण त्या थांबण्यामुळे माणूस दुसरा विचार तरी करतो.

पेठकर

आमचा शनिवारातला वाडा १९९८ साली पडला. सागवानी खांब ट्रकमध्ये चढताना मी उभा होतो. भाडेकरू, चुलत्यांचे हिस्से, गळकं छप्पर. दुरुस्तीला पैसे द्यायला कोणी तयार नव्हतं आणि बिल्डर फ्लॅट द्यायला तयार होता. चिल्टर्नवासींची चेरीची बाग मला म्हणूनच पटते. पण तेव्हा आम्हाला कोणी बळजबरीने अडवलं असतं तर आज मी त्याचे आभार मानले असते, हेही तितकंच खरं.

राधिका लीड्सकर

पेठकर, पण तेव्हा त्या गळक्या छपराखाली तुमची आई राहत असती तर?

पेठकर

राहतच होती. म्हणून तर आम्ही सही केली.

वाटाड्या

मधला एक मार्ग विल्टशरमधल्या लॅकॉकला दिसतो. १९४४ मध्ये माटिल्डा टॅलबट यांनी अख्खं गाव नॅशनल ट्रस्ट या वारसा जपणाऱ्या धर्मादाय संस्थेला दिलं. घरं ट्रस्टची, माणसं भाड्याने राहतात. मोठ्या दुरुस्तीचा भार एकट्या कुटुंबावर पडत नाही आणि गावात लोकवस्ती टिकून आहे.

चिल्टर्नवासी

लॅकॉक मला आवडतं, पण ते एका बाईच्या दानावर उभं आहे. गावोगाव टॅलबट कुठून आणणार?

सगळ्यांना एकत्र उत्तर देतो. सोलरबद्दल माझं मत तेच आहे. छपराच्या स्लेटवर बसवलेली चौकट उद्या उतरवता येते, त्यासाठी घरागणिक अर्ज नको. आमची पॅरिश कौन्सिल फक्त मत देऊ शकते, निर्णय जिल्ह्याचा. तरी पुढच्या बैठकीत मी हा विषय मांडणार आहे. व्हॅटबद्दल इथे कोणी विरोधात दिसत नाही, तर खासदारांना पत्र लिहिताना चुनागच्चीताईंनीही सही करावी.

खिडक्यांचं मात्र थांबवतो. काल किल्लीने दरज खरवडून पाहिली. करडं, दगडासारखं घट्ट सिमेंट आहे, मागच्या अख्ख्या भिंतीला. आणि पोटमाळ्यावर चढलो. पुढच्या भागातली लाकडं साधी, पिवळसर. मागच्या खोलीवरची मात्र काळीभोर. हात लावला तर बोटाला काजळी आली. आग लागली होती का कधी?

चुनागच्ची

आग नसावी. काजळी सगळ्या वाशांवर सारखी असेल, तर खाली कधीकाळी उघड्या जमिनीवर चूल पेटत होती आणि धूर छपरातूनच बाहेर जात होता. म्हणजे धुराडं बांधण्याच्या आधीचा भाग, नोंदीतल्या अठराव्या शतकाहून बराच जुना. आई झोपते ती खोली बहुधा तुमच्या घरातली सर्वांत जुनी आहे.

पत्रावर सही नक्की करते. चुन्याचं काम शिकवणारी दोन-तीन माणसं ओळखीची आहेत, त्यांचे दर विचारून राधिकाताईंसाठी इथेच लिहीन.

तोवर त्या काजळीला हात लावू नका. आणि कृपा करून पुसू नका.