काल्पनिक जगातलं तत्त्वज्ञान खरं वाटावं म्हणून काय करता?

कोरी पाटी
कादंबरी लिहितेय. त्या जगाचा एकच नियम वेगळा आहे: माणूस ज्या खोलीत मरतो, तिथे त्याचा आवाज नऊ दिवस राहतो. विचारलं तर उत्तरही देतो. दहाव्या दिवशी सगळं शांत. या जगात मी 'विरामवादी' नावाचा संप्रदाय घातलाय. आवाज म्हणजे माणूस नव्हे, त्याच्याशी बोलू नये, असं त्यांचं मत. सूत्रं लिहिली, मठ उभारला, आद्यगुरूही दिला. पण ज्यांना खर्डा वाचायला दिला ते नेमकी हीच पानं गाळून पुढे जातात. एक मैत्रीण म्हणाली, "तुझे विरामवादी तोंड उघडलं की सुविचारच बोलतात." काय करू?

शंकासुर
आवाज खोटं बोलू शकतो का? आणि त्याला मेल्यानंतरचं काही लक्षात राहतं का? हे आधी सांगा.

कोरी पाटी
खोटं बोलू शकतो. नवीन काही लक्षात राहत नाही. काल विचारलेलंच आज विचारा, पहिल्यांदाच ऐकल्यासारखं उत्तर देईल.

खडूस टीकाकार
अहो, एवढा ऐवज हाताशी असताना तुम्ही मठाच्या भिंती कसल्या रंगवताय?

सूत्रं राहू द्या. विरामवाद्यांना आधी भांडायला कोणीतरी द्या. परलोक आणि आत्मा न मानणाऱ्या चार्वाकांचं बघा. त्यांचं म्हणणं आपल्यापर्यंत आलंय ते बहुतेक विरोधकांच्या तोंडून. माधवाचार्यांनी चौदाव्या शतकात 'सर्वदर्शनसंग्रहा'त पहिलंच प्रकरण चार्वाकाला दिलं, ते काही त्याच्या प्रेमापोटी नव्हे. तरी वाचून झाल्यावर डोक्यात राहतो तो चार्वाकच. तुमची सूत्रंही अशीच एखाद्या वैऱ्याच्या पोथीतून येऊ द्या, अर्धवट आणि थोडी वाकवलेली.

आणि तुमच्या जगात खरा वाद प्रमाणांचा, म्हणजे खरं ज्ञान कशातून मिळतं याचा होणार. नैयायिक, म्हणजे न्यायदर्शनाचे लोक, चार प्रमाणं मानतात: प्रत्यक्ष, अनुमान, उपमान (साम्यावरून ओळखणं), शब्द. शब्दप्रमाण म्हणजे आप्ताचं, विश्वासार्ह माणसाचं सांगणं. चार्वाक फक्त प्रत्यक्ष मानतो. मग मेलेल्या बापाचं बोलणं कशात धरायचं? उच्चारलेला शब्द नित्य, म्हणजे कायमचा, की अनित्य, यावर वेदांना प्रमाण मानणारे मीमांसक आणि नैयायिक पिढ्यान्‌पिढ्या भांडले. आज तो वाद कोरडा वाटतो. तुमच्या जगात त्यावरून घरं फुटतील.

एक प्रसंग घ्या. बाप जाऊन पाच दिवस झालेत. पंच लेखनिकाला घेऊन खोलीत येतात आणि विचारतात, वरचं शेत कोणाचं? आवाज म्हणतो, धाकट्याचं. आता धाकटा विरामवादी. त्याच्या मते ही साक्षच बाद. शेत घ्यावं तर पंथ बुडतो, पंथ पाळावा तर शेत जातं. आणि आयुष्यभर या लोकांची टिंगल करणारा थोरला भर पंचांसमोर विरामवाद्यांची सूत्रं घडाघडा म्हणायला लागतो! एवढं लिहा, वाचक पानं गाळतो का बघू.

अर्धं पान
मला नाही पटत. नैयायिक-मीमांसक वगैरे तुमच्या वहीत ठेवा, कथेत एकही सूत्र नको. विरामवादी बाईचा मुलगा गेला आणि ती नऊ रात्री अंगणात झोपली, एवढं पुरे.

खडूस टीकाकार
अंगण झकास. पण ती तिथे का झोपते हे तिला शेजारणीला सांगता आलं पाहिजे, आणि शेजारणीचा मुद्दा तिच्यापेक्षा वरचढ वाटला पाहिजे. नाहीतर ते नुसतं दुःख झालं, तत्त्वज्ञान कुठे आलं त्यात?

कोरी पाटी
आत्ताच हे लिहून बघितलं:

"आत पोर हाका मारतंय गं. तुझं नसेल तर नसू दे, कोणाचं तरी असेलच ना?"
"पहिल्या रात्री मी ओ दिली. रात्रभर बोललो आम्ही. सकाळी पुन्हा तीच हाक, जशी काही मी आलेच नव्हते."
"म्हणून तो तुझा नाही?"
"ज्याला मी आलेली कळत नाही, तो माझा कसा?"

शंकासुर
आता शेजारणीला बोलू द्या: "माझ्या सासूलाही सकाळी भेटलेलं दुपारी आठवत नाही. तिलाही अंगणात काढू?"

कोरी पाटी
अरे देवा. याला विरामवाद्यांकडे उत्तर नाहीये.

खडूस टीकाकार
नसू दे की. तिथेच पंथात फूट पाडा. एक शाखा म्हणेल, सासू विसरते पण दुखलं तर कण्हते, आवाज कण्हत नाही, म्हणून सासू माणूस. दुसरी शाखा कर्मठ, ती म्हणेल सासूशीही बोलू नका. या दुसऱ्या शाखेची बाकीचे चेष्टा करतील, घाबरतीलही. शेताचा खटला मात्र फुटीनंतरच घ्या. थोरल्याने कर्मठ शाखेचा पंडित भाड्याने आणायचा, आणि धाकट्याला आपल्याच पंथाच्या माणसाविरुद्ध उभं राहावं लागेल.

शंकासुर
पण आवाज कण्हत नाही हे ठरलंय का? तसं असेल तर पहिल्या प्रकरणातच एकदा दिसू द्या, ऐनवेळी काढू नका.