मुलं पळवणाऱ्या टोळीच्या अफवेवर काळा विनोदी लघुपट करावा का?

माळरान:
१२ मिनिटांच्या लघुपटाची संहिता लिहितोय. बाजारात दोन अनोळखी माणसं एका मुलीला रस्ता विचारतात. पहिल्या घरी बातमी पोचते 'बिस्कीट दिलं', तिसऱ्या घरी 'पोतं होतं', सातव्या घरी 'पोत्यात काहीतरी हलत होतं'. प्रत्येक घरी प्रेक्षक हसेल आणि शेवटी दाराला आतून कडी लागली की ते हसू घशात अडकेल. गंभीर माहितीपट बघताना माणूस स्वतःला जमावाबाहेर ठेवतो. हसला की तो जमावात सामील झालेला असतो. म्हणून मला विनोदच हवा.

गोदाकाठ:
अजिबात पटत नाही. १ जुलै २०१८, राईनपाडा, तालुका साक्री. आठवडी बाजाराचा दिवस. नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना याच संशयावरून ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडून जिवे मारलं. बहुतेक जण मंगळवेढ्याकडचे, भिक्षा मागत आलेले. त्यांच्या बायकामुलांना शेजारी बसवून दाखवाल हा लघुपट? भटक्या माणसाकडे गाव आधीच चोर म्हणून बघतं. पडद्यावर पोतं आलं की अर्धे लोक पोत्याकडेच बघणार.

कातरवेळ:
माझा आक्षेप वेगळा आहे. तेव्हा देशात फिरलेली एक चित्रफीत मुळात कराचीतली मुलांच्या सुरक्षेची जाहिरात होती. मोटारसायकलवरचे दोघे मूल उचलतात, लगेच परत आणून सोडतात आणि पालकांना सावध करणारा फलक दाखवतात. कुणीतरी तो शेवटच कापला. उरलं फक्त मूल उचलणं, आणि तेच लोकांनी खरं मानलं. व्हॉट्सअ‍ॅपने त्याच जुलैत भारतात एका वेळी पाचच ठिकाणी संदेश पुढे पाठवण्याची मर्यादा जाहीर केली, पण तोवर व्हायचं ते होऊन गेलं होतं. माळरान, तुमचा सगळा अर्थ शेवटच्या कडीत आहे. ती कुणी कापली तर मागे काय उरतं? पोतं.

माळरान:
हे खरंच ध्यानात आलं नव्हतं. मग पोतं पहिल्याच दृश्यात उघडतो. आत भिक्षेचं धान्य. प्रेक्षकाला सुरुवातीपासून माहीत असेल, तर तो पोत्याला न हसता त्या घरांना हसेल. कुठूनही कापलं तरी अफवा खरी वाटणार नाही.

कातरवेळ:
पहिलं दृश्यही कापता येतं. धान्य मध्येमध्ये दिसत राहू द्या.

गोदाकाठ:
आणि त्या दोघांना बोलू द्या! तुमच्याकडे सात घरं बोलतात, ते मात्र एकदाच रस्ता विचारतात. कुठून आले, घरी कोण आहे, आज काय मिळालं, हे त्यांच्या तोंडून येऊ दे. विनोदाला माझा विरोध तरीही कायम आहे. पण बदललेली संहिता जरूर टाका, वाचेन.